घर गहाण टाकणारा नट : जॉन कॅसावेटीसची गोष्ट

(पॉडकास्टच्या या भागाचा लिखित मजकूर. बोलताना झालेली अडखळ आणि मध्येच भुंकलेला शेजारचा कुत्रा तेवढा काढून टाकलाय.)

   

आजचा भाग एका मेसेजमुळे करतोय. लातूरहून एका मुलीचा व्हॉइस मेसेज आला होता. ती नाटक करते, एकांकिका स्पर्धा गाजवल्यात तिने. आता तिला एका मालिकेत काम मिळतंय. नायिकेची नणंद. ती म्हणाली, "दादा, मला स्वतःची फिल्म करायचीय. ग्रुपमधले सगळे म्हणतात, मालिका घेतलीस की संपलीस. काय करू?"

मी तो मेसेज चार वेळा ऐकला आणि उत्तर दिलंच नाही. कारण खरं सांगायचं तर तोच प्रश्न माझ्याही घरात एका ड्रॉवरमध्ये पडून आहे. त्याबद्दल शेवटी बोलतो. आधी एका माणसाची गोष्ट सांगतो, ज्याने आयुष्यभर या प्रश्नाशी कुस्ती खेळली. नाव जॉन कॅसावेटीस.

नाव ऐकलं नसेल तर वाईट वाटून घेऊ नका, मीही फार उशिरा ऐकलं. पण तुमच्यातल्या बऱ्याच जणांनी 'द नोटबुक' बघितलाय, बघून रडलायत. त्यातली ती म्हातारी, सगळं विसरून गेलेली? ती जेना रोलंड्स. कॅसावेटीसची बायको. आणि तो सिनेमा दिग्दर्शित केला त्यांच्या मुलाने, निक कॅसावेटीसने. म्हणजे या घराशी तुमची ओळख आधीच झालीय, फक्त घरमालक कोण ते माहीत नव्हतं.

तर घरमालक. जन्म ९ डिसेंबर १९२९, न्यूयॉर्क. आईवडील ग्रीक वंशाचे. लहानपणीची काही वर्षं ग्रीसमध्येच गेली, आणि सातव्या वर्षी परत अमेरिकेत आला तेव्हा या पोराला इंग्रजीचा गंध नव्हता. पुढे अभिनयाच्या शाळेत शिकला, १९५० मध्ये बाहेर पडला. मग टीव्हीवर छोटी कामं, मग मोठी कामं, सिनेमे. १९५४ मध्ये जेनाशी लग्न. थोडक्यात काय, बरं चाललं होतं.

पण याला खाज होती. मॅनहॅटनमध्ये त्याने मित्राबरोबर अभिनयाची एक कार्यशाळा सुरू केली. नवखी, फारसं काम नसलेली मुलं यायची. तिथल्या एका इम्प्रोव्हायझेशनमधून एक गोष्ट निघाली. तीन कृष्णवर्णीय भावंडं, त्यातली दोघं इतकी उजळ की गोरी वाटतात. बहिणीच्या प्रेमात एक गोरा मुलगा पडतो, आणि मग तिच्या मोठ्या भावाला बघून त्याचा चेहरा बदलतो. कॅसावेटीसला वाटलं, ह्याचा सिनेमा व्हायला पाहिजे.

पैसे? नाहीत.

१९५७ साल. तो रात्रीच्या एका रेडिओ कार्यक्रमात गेला. जीन शेफर्ड नावाचा निवेदक होता, रात्री जागणाऱ्या लोकांशी गप्पा मारायचा. आजच्या भाषेत सांगायचं तर पॉडकास्टच, फक्त पॉजचं बटण नव्हतं. कॅसावेटीस तिथे गेला होता स्वतःच्या नव्या सिनेमाची जाहिरात करायला, आणि बोलता बोलता भलतंच बोलून बसला. म्हणाला, याहून चांगला सिनेमा मी करू शकतो, माणसांवरचा सिनेमा, लोकांनी पैसे पाठवले तर. आणि लोकांनी पाठवले! एक डॉलर, पाच डॉलर, पाकिटात घालून. साधारण दोनेक हजार डॉलर जमले.

क्राउडफंडिंग हा शब्द तेव्हा कुणाला माहीत नव्हता. आपल्याकडे १९७६ मध्ये 'मंथन' झाला, गुजरातच्या पाच लाख शेतकऱ्यांनी दोन-दोन रुपये घालून. ही गोष्ट त्याच्याही जवळपास वीस वर्षं आधीची.

सिनेमाचं नाव 'शॅडोज'. सोळा एमएमचा कॅमेरा, रस्त्यावर शूटिंग, परवानगी वगैरे भानगड नाही. आणि मग जी फजिती झाली ती ऐका, कारण ती मला फार जवळची आहे. आवाज नीट रेकॉर्ड झाला नव्हता, आणि संवाद लिहिलेले नव्हते. पडद्यावर ओठ हलतायत, पण कोण काय म्हणालं ते कुणालाच आठवत नाही. पुढे तो मुलाखतींमध्ये सांगायचा की शेवटी ओठ वाचणाऱ्या माणसांना बोलवावं लागलं.

१९५८ मध्ये मध्यरात्री फुकट खेळ लावले. लोकांना आवडला नाही. थोडे लोक होते ज्यांना फार आवडला, जोनास मेकस नावाचा समीक्षक तर वेडा झाला होता. पण कॅसावेटीस स्वतः खूश नव्हता. त्याचं म्हणणं, सिनेमात कॅमेरा दिसतोय, माणसं दिसत नाहीत. १९५९ मध्ये त्याने बराच भाग नव्याने शूट केला, आणि या वेळी प्रसंग लिहून काढले. मेकस भडकला, म्हणाला पहिलाच खरा होता. यात कोण बरोबर ते जाऊ द्या. पण विचार करा, ज्या एका समीक्षकाने तुम्हाला डोक्यावर घेतलंय, त्याचीच आवडती आवृत्ती बाजूला ठेवून पुन्हा कामाला बसायचं. मला जमलं नसतं. मी तर यूट्यूबच्या पहिल्या चांगल्या कमेंटचा स्क्रीनशॉट अजून जपून ठेवलाय.

'शॅडोज'ला १९६० मध्ये व्हेनिसला समीक्षकांचं पारितोषिक मिळालं. पण तोवर कर्ज झालं होतं. मग त्याने काय केलं? (लातूरवाल्या ताई, इथे जरा कान द्या.) टीव्ही मालिका घेतली. 'जॉनी स्टकॅटो'. पियानो वाजवणारा डिटेक्टिव्ह. सत्तावीस भाग. त्याच्या पैशातून 'शॅडोज'ची देणी फेडली.

म्हणजे ज्याला जग अमेरिकन स्वतंत्र सिनेमाचा बाप म्हणतं, तो माणूस स्वतःच्या पहिल्या सिनेमाची उधारी डिटेक्टिव्ह मालिका करून चुकवत होता.

मग हॉलिवूडने बोलावलं. मोठ्या स्टुडिओसाठी दोन सिनेमे केले. त्यातला दुसरा 'अ चाइल्ड इज वेटिंग', १९६३ चा. बौद्धिक अपंगत्व असलेल्या मुलांची संस्था, बर्ट लँकेस्टर आणि ज्युडी गार्लंड मुख्य भूमिकेत, आणि बरीचशी मुलं खरीच त्या अवस्थेतली. निर्माता होता स्टॅन्ली क्रेमर. दोघांचं संकलनावरून वाजलं. क्रेमरने सिनेमा काढून घेतला आणि आपल्या पद्धतीने कापला. कॅसावेटीसने उघडपणे सांगून टाकलं, हा माझा सिनेमा नाही. निर्मात्याशी भांडलेला तरुण दिग्दर्शक, मग काय, कामं आटली.

आणि इथे त्याने एक रेघ ओढली असं मला वाटतं. हे माझं वाचन आहे हं, त्याने कुठे लिहून ठेवलेलं नाही. रेघ अशी: माझा चेहरा भाड्याने मिळेल, माझा डोळा मिळणार नाही. नट म्हणून बोलवा, खलनायक करा, सैनिक करा, काय वाटेल ते करा, मी पैसे घेईन आणि चोख काम करीन. पण सिनेमा माझा असेल तेव्हा त्यात कुणी बोट घालायचं नाही.

बघा ना, १९६७ चा 'द डर्टी डझन', तद्दन युद्धपट. त्यात याला सहायक अभिनेत्याचं ऑस्कर नामांकन. १९६८ चा 'रोझमेरीज बेबी', त्यात नायिकेचा नवरा, इतका गोडबोल्या आणि इतका नीच की अंगावर काटा येतो. हे सगळे पैसे जात होते एका गॅरेजमध्ये. त्या गॅरेजमध्ये 'फेसेस' नावाचा सिनेमा कापला जात होता.

'फेसेस' १९६५ मध्ये शूट झाला. लोकेशन कुठलं? स्वतःचं घर आणि सासूबाईंचं घर. बायको काम करतेय आणि गरोदर आहे. मित्र कामाला. लिन कार्लिन नावाची बाई, जी दिग्दर्शक रॉबर्ट ऑल्टमनच्या ऑफिसात सेक्रेटरी होती, तिला सरळ मुख्य भूमिकेत उभं केलं. सहा महिने शूटिंग, जवळपास तीन वर्षं संकलन. १९६८ मध्ये सिनेमा आला आणि तीन ऑस्कर नामांकनं. त्यातलं एक पटकथेचं, म्हणजे कॅसावेटीसचं. आणि एक त्या सेक्रेटरी बाईंचं!

इथे एक गैरसमज काढून टाकू. लोक म्हणतात कॅसावेटीस म्हणजे इम्प्रोव्हायझेशन, नटांनी वाट्टेल ते बोलायचं. 'शॅडोज'च्या शेवटी तशी पाटीच आहे, त्यामुळे तो शिक्का बसला. पण नंतरचे सिनेमे लिहिलेले होते. काय बोलायचं ते बहुतेक कागदावर असायचं. कसं बोलायचं, कुठे उभं राहायचं, रडायचं की हसायचं, हे नटाचं. जमिनीवर खुणा नाहीत, की इथेच थांब नाहीतर फोकस जाईल. नट जिकडे जाईल तिकडे कॅमेऱ्याने जायचं. फोकस गेला तर गेला. म्हणून त्याचे सिनेमे बघताना असं वाटतं की आपण कुणाच्या तरी घरात नको त्या वेळी शिरलोय आणि आता बाहेरही पडता येत नाही.

हे सगळ्यात जास्त वाटतं 'अ वुमन अंडर द इन्फ्लुअन्स' बघताना. १९७४. मेबल नावाची गृहिणी, तीन मुलं, नवरा बांधकामाच्या टोळीत मुकादम. तिचं मन हळूहळू ढासळतंय. पण खरं ढासळतंय कोण, तिचं मन की तिच्याकडून "नीट वाग" अशी अपेक्षा करणारं घर, ते सिनेमा सांगत नाही. हे आधी नाटक म्हणून लिहिलं होतं जेनासाठी. ती म्हणाली, हे रोज रात्री रंगमंचावर करायचं तर मी मरेन. मग सिनेमा.

कुठलाच स्टुडिओ पैसे देईना. मग याने घर गहाण टाकलं. पीटर फॉक, 'कोलंबो' मालिकेचा नायक आणि याचा जिवलग मित्र, त्याने टीव्हीवर कमावलेले पैसे ओतले, नवऱ्याचं कामही केलं. कॅसावेटीस तेव्हा अमेरिकन फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये होता, तर तिथल्या विद्यार्थ्यांना टीममध्ये घेतलं. सिनेमात मेबलची आई कोण? जेनाची खरी आई. सासू कोण? जॉनची खरी आई.

हे वाचलं तेव्हा मला आपले दादासाहेब फाळके आठवले. विम्याच्या पॉलिसीवर कर्ज, बायकोचे दागिने, आणि सरस्वतीबाई युनिटचा स्वयंपाक करून वर फिल्मला भोकं पाडायला बसलेल्या. १९१३ चा 'राजा हरिश्चंद्र' असाच घरातून निघाला होता. साठ वर्षांनी, जगाच्या दुसऱ्या टोकाला, तोच मामला: घर पणाला, आणि बायको बरोबरीने राबतेय. पोस्टरवर फाळक्यांचं नाव मोठं झालं, सरस्वतीबाईंचं आपल्याला किती उशिरा कळलं? जेनाचं बरं की निदान तिचा चेहरा पडद्यावर होता.

सिनेमा तयार झाला आणि वितरकच मिळेना. तर या लोकांनी स्वतः फोन उचलले. थिएटरवाल्यांना एकेकाला फोन करून विचारायचं, आमचा सिनेमा लावता का? कॉलेजांमध्ये दाखवायचे, नंतर पीटर फॉक आणि कॅसावेटीस तिथे बसून मुलांशी बोलायचे. आणि सिनेमा चालला! जेनाला अभिनयाचं ऑस्कर नामांकन, त्याला दिग्दर्शनाचं. मोजा आता: एकाच माणसाला अभिनय, पटकथा आणि दिग्दर्शन, तिन्हींची नामांकनं. मिळालं एकही नाही. [हसतो]

इथे थांबलो असतो तर मस्त प्रेरणादायी भाग झाला असता. शेवटी गिटार वाजवली असती आणि सांगितलं असतं, "मित्रांनो, स्वप्नांसाठी घर गहाण टाका."

नाही. प्लीज टाकू नका.

कारण पुढचा सिनेमा, १९७६ चा 'द किलिंग ऑफ अ चायनीज बुकी', आपटला. एक नाइटक्लबवाला, आपल्या फडतूस क्लबवर जिवापाड प्रेम करणारा, जुगारात कर्ज करतो आणि गुंड त्याच्याकडून भलतंच काम करून घेतात. बघताना कळतं की हा माणूस क्लबबद्दल बोलतच नाहीये, स्वतःबद्दल बोलतोय. १९७८ मध्ये त्याने तो पुन्हा कापून, छोटा करून आणला. तरी फरक पडला नाही. त्याच्या पुढचा 'ओपनिंग नाइट', जेनाला बर्लिनला अभिनयाचं पारितोषिक मिळवून देणारा, तो अमेरिकेत नीट प्रदर्शितसुद्धा झाला नाही. पुन्हा दुसऱ्यांच्या सिनेमात खलनायक. १९८० मध्ये 'ग्लोरिया' स्टुडिओसाठी केला. त्याला व्हेनिसचं सर्वोच्च पारितोषिक विभागून मिळालं, पण स्वतः त्याला तो सिनेमा फारसा आपला वाटत नव्हता. म्हणजे ती रेघ त्यालाही प्रत्येक वेळी पाळता आली नाही.

आणि दारू. हे लपवायचं कशाला. तो प्रचंड प्यायचा. 'लव्ह स्ट्रीम्स' करत असताना डॉक्टरांनी सांगितलं, सहा महिने राहिलेत. तो सिनेमाही स्वतःच्या घरातच शूट झाला. त्याने आणि जेनाने त्यात भाऊ-बहिणीचं काम केलंय. शेवटी ती निघून जाते, बाहेर धो धो पाऊस, आणि तो आत खिडकीच्या काचेमागे एकटा, हॅट काढून हलवतो. मी तो शॉट पहिल्यांदा मोबाइलवर बघितला, मध्यरात्री, आणि स्क्रीन बंद झाल्यावर काचेत माझाच चेहरा दिसला. जरा घाबरलोच.

'लव्ह स्ट्रीम्स'ला १९८४ मध्ये बर्लिनचं गोल्डन बेअर मिळालं. सहा महिन्यांची मुदत मिळालेला माणूस पाचेक वर्षं काढून ३ फेब्रुवारी १९८९ ला गेला. लिव्हर सिरोसिस. वय ५९. पुढच्याच वर्षी, १९९० मध्ये, 'अ वुमन अंडर द इन्फ्लुअन्स' अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट वारशाच्या यादीत गेला. आज तिकडे कमी बजेटच्या स्वतंत्र सिनेमासाठी त्याच्या नावाने पुरस्कार आहे. जेना २०२४ च्या ऑगस्टमध्ये गेली. मार्टिन स्कोर्सेसी अजून सांगतो की सुरुवातीला एका निर्मात्यासाठी सिनेमा केला तेव्हा कॅसावेटीसने त्याला झापलं होतं, हे काय करत बसलायस, स्वतःचं काहीतरी कर. त्यानंतर 'मीन स्ट्रीट्स' आला.

आता ड्रॉवरचं सांगतो.

मीही एक मालिका केलीय. घोडबंदर रोडच्या सेटवर, नायकाचा मित्र. माझं मुख्य काम म्हणजे नायकाच्या खांद्यावर हात ठेवून "तू काळजी करू नकोस" म्हणणं. पैसे नव्वद दिवसांनी. त्या पैशातून मी एक बावीस मिनिटांची फिल्म केली, मोबाइलवर, आमच्या कराडच्या घरात. मुख्य भूमिकेत माझी आई. आई नटी वगैरे अजिबात नाही, पण कॅमेऱ्यासमोर ती अशी काही बसली की मला कट म्हणायचं सुचेना. मीही तेच केलं होतं, संवाद लिहिले नव्हते, म्हटलं आई तू बोल.

आणि आवाज गेला. माइकची वायर सैल होती आणि शेजारी गिरणी चालू. सगळ्यात महत्त्वाच्या प्रसंगात आई चार मिनिटं बोलते आणि गिरणीशिवाय काही ऐकू येत नाही. मी हार्ड डिस्क ड्रॉवरमध्ये टाकली. अडीच वर्षं झाली. मित्राने आवाजाचं काम फुकट केलं होतं, त्याने त्यावरून मला फोन करणं सोडलं, आणि ते बरोबरच होतं, कारण चूक वायर न तपासणाऱ्या माझी होती आणि मी ती त्याच्या माथी मारली. पहिल्या दिवाळीला आईने विचारलं, "आपलं पिक्चर कधी लागणार रे?" दुसऱ्या दिवाळीला तिने विचारलं नाही.

मी सगळ्यांना सांगायचो, मालिकेमुळे वेळ मिळाला नाही. खोटं. मालिका तर कधीच संपली होती. मालिकेने माझी फिल्म खाल्ली नाही, उलट मालिकेच्या पैशावरच ती झाली. मला फक्त मोडलेल्या वस्तूकडे परत जायची लाज वाटत होती.

कॅसावेटीसकडून मी घर गहाण टाकणं नाही घेतलं. 'शॅडोज' घेतला. ओठ वाचायला बसलेली माणसं.

मागच्या रविवारी कराडला गेलो, लॅपटॉप आईसमोर ठेवला. आवाज बंद करून तो चार मिनिटांचा प्रसंग लावला. म्हटलं, आई, इथे तू काय म्हणाली होतीस? तिने चष्मा लावला. आणि बोलायला लागली. ओठाला ओठ लावून, शब्दाला शब्द. एके ठिकाणी थांबली आणि म्हणाली, "हे मी तुझ्या आजीबद्दल बोलले होते. तू ऐकलंच नव्हतंस वाटतं?"

नव्हतं ऐकलं. मी तेव्हा फ्रेम बघत होतो.

रेकॉर्ड केलंय सगळं, उशांच्या ढिगाऱ्यात मोबाइल ठेवून. मित्रालाही फोन केला, माफी मागितली. तो लगेच विरघळला वगैरे नाही. "फाइल पाठव, बघतो" एवढंच म्हणाला.

तर लातूरच्या ताई, उशिराने का होईना, उत्तर. नणंद करा. चोख करा. फक्त सही करायच्या आधी एका कागदावर लिहून ठेवा की तुमच्याकडचं काय विकायला आहे आणि काय नाही, आणि तो कागद दर सहा महिन्यांनी काढून बघा. कॅसावेटीसचीही रेघ हलली होती, तुमचीही हलेल. कागद असला तर निदान कळेल किती हलली ते. आणि मालिका संपल्यावर "वेळ मिळाला नाही" हे मला ऐकवू नका, ते वाक्य माझं आहे.

सुरुवात करायची तर 'अ वुमन अंडर द इन्फ्लुअन्स'पासून करा. मोबाइलवर चालेल, पण हेडफोन लावा आणि एका बैठकीत बघा. आणि घरी जमल्यास आईबरोबर बघा. मी बघितला. तिला मेबल अजिबात वेडी वाटली नाही. "दमलीये बिचारी" म्हणाली.

भेटू पुढच्या भागात. काळजी घ्या.